तांदळात लिहिलेलं नाव

यजमान गेले, पोरंबाळं नव्हतीच. सुनंदाबाईंना नावाने हाक मारणारं घरात कुणी उरलं नाही, तेव्हा त्यांना माहेरचं 'द्वारका' परत हवंसं झालं.

कचेरीतले साहेब खेकसले, "अर्ज, प्रतिज्ञापत्र, फी! राजपत्रात छापल्याशिवाय कुणाचंही नाव बदलत नसतं."

"कुणाचंच नाही?"

"ब्रह्मदेवाचंसुद्धा नाही!"

बाईंनी शाळेचा दाखला पुढे सरकवला. "मग मी अजून द्वारकाच की, साहेब. लग्नात ह्यांनी 'सुनंदा' लिहिलं ते ताटातल्या तांदळात, अंगठीने. राजपत्रात नव्हे."

साहेबांनी दाखल्यावरचं नाव वाचलं. कागद पुढे करत ते म्हणाले, "द्वारकाबाई, सही करा."

बाईंनी मागे वळून पाहिलं, कुणाला बोलावताहेत ते. चाळीस वर्षांत त्या नावाने कुणी हाक मारली नव्हती.