न पोचलेला हुकूम

घानातल्या एका गावाचे प्रमुख होते बोआटेंग. तिकडे प्रमुखाला नानाच म्हणतात. दरबारात नानांनी लोकांशी थेट बोलायचं नाही, असा रिवाज. नाना जे बोलत, ते त्यांचा प्रवक्ता असामोआ गोड शब्दांत लोकांना सांगे, आणि त्याने सांगितल्यावरच तो हुकूम ठरे.

एकदा नानांनी महालाला नवा सज्जा बांधला. पण बाजारातलं जुनं झाड आड यायचं, त्यामुळे सज्जा रस्त्यावरून दिसेना. भर दरबारात नाना गरजले, "ते झाड उद्या तोडा."

त्या झाडाच्या सावलीत भाजी विकणाऱ्या बायकांचे चेहरे उतरले. सगळ्यांनी ऐकलं होतं. रिवाजाप्रमाणे मात्र कुणीच ऐकलं नव्हतं. असामोआ काठी टेकून गप्प उभा राहिला.

"सांग ना त्यांना," नाना खेकसले.

"सांगतो, नाना. पण तुमचा शब्द गोड करून सांगायची शपथ घेतलीय मी. हा कसाही फिरवला तरी कडूच लागतोय. गोड झाला की लगेच सांगतो."

नानांनी स्वतःच सांगून रिवाज मोडावा, तर गादीही रिवाजानेच मिळालेली. शेवटी त्यांनाच हसू फुटलं.

असामोआ अजून शब्द शोधतोय. बायका त्याला रोज झाडाखाली बसवून पपई खायला घालतात आणि म्हणतात, सावकाश शोधा.