मुक्या राजांची गादी

एका राज्यात राजे मुके असत. जन्माने नव्हे, राज्याभिषेकाच्या दिवशी प्रत्येक राजा काळगडावर जाई, करालनाथ मांत्रिकापुढे लोटांगण घाली, आणि मांत्रिक त्याचा आवाज काढून घेऊन तांब्याच्या कुंभात कोंडी. पुढे मांत्रिकाचा वकील सिंहासनाशेजारी उभा राहून राजाच्या नावाने हवे ते हुकूम सोडी. प्रजा नागवली जाई, राजा नुसता पाहत राही.

राजा सोमकीर्ती थकला. त्याची एकुलती कन्या इरावती गादीवर बसायची होती. तिने पित्याचा आवाज कधी ऐकला नव्हता. वकील म्हणाला, "राजकन्ये, गडावर चला. लोटांगणाची वेळ झाली."

"येते," इरावती म्हणाली. "पण लोटांगणाला नव्हे. आवाज परत आणायला."

सोमकीर्तीने तिचा हात धरून नकारार्थी मान हलवली. तिने तो हात कपाळाला लावला, आणि घोड्यावर मांड टाकली.

वाटेत पिंपळावर एक धनेश पक्षी बसला होता. तो म्हणाला, "बाई, जो करालनाथाला नमत नाही, त्याच्या अंगात पावलांपासून दगड चढतो. तुझे पूर्वजही ताठ मानेने गेले होते. दगड गुडघ्याला लागताच शरण आले."

"गुडघ्याच्या वर चढला तर काय होतं?"

"ते कोणी पाहिलेलं नाही."

"मग मी पाहीन."

गडावर पोचून तिने कुंभ मागितले, तेव्हा करालनाथ हसला. म्हणाला, "तीन कामं कर, कुंभ तुझे. पहिलं, पाताळझऱ्याचं पाणी आण."

तो झरा असा, की गुडघे टेकल्यावाचून पाणी हाती लागत नसे. इरावती काठाशी ताठ उभी राहिली. "मी वाकणार नाही. तू वर ये." झरा क्षणभर थबकला, मग उसळून तिने धरलेल्या चंबूत भरला. त्याच क्षणी तिचे पाय गुडघ्यापर्यंत दगड झाले. घोडा खाली बसला, तिला पाठीवर घेऊन उठला.

दुसरं काम शापित खजिन्यातलं माणिक आणण्याचं. त्यावर नाग बसला होता. "पाया पड," नाग फुत्कारला, "म्हणजे देतो."

"हे धन आमच्याच राज्यातून लुटलेलं. धन्याने राखणदाराच्या पाया पडायचं?"

नाग बाजूला सरला. त्याने फणा खाली केला आणि माणिक पुढे सरकवलं. दगड तिच्या कंबरेपर्यंत आला.

ती पाणी आणि माणिक घेऊन करालनाथाच्या दरबारात परतली, तेव्हा छताला टांगलेले कुंभ आतून कण्हत होते. करालनाथाने एक कुंभ ओठांशी नेला. त्याच्या मुखातून एक अनोळखी, मऊ आवाज निघाला.

"इरा, लेकी, मी तुझा बाप बोलतो आहे. एकदाच याला स्वामी म्हण आणि जगून घरी ये. हेच तिसरं काम."

इरावतीच्या डोळ्यांत पाणी उभं राहिलं. असा असतो तर आबासाहेबांचा आवाज! ती नमेना, तसा दगड छातीवरून गळ्याशी आला होता, श्वास तुटत होता. तो आवाज आणखी ऐकत राहावंसं तिला वाटलं.

"आवाज त्यांचा आहे," ती कशीबशी म्हणाली. "शब्द तुझे आहेत. नाही!"

दगड गळ्याशी थांबला. त्याला त्यापुढची वाट ठाऊकच नव्हती. तिथवर कोणी नकार नेलाच नव्हता. तो तडकला आणि तिच्या अंगावरून गळून पडला. एकामागून एक कुंभ फुटले. पिढ्यांचे आवाज दारांखिडक्यांतून बाहेर धावले. करालनाथाने शाप द्यायला तोंड उघडलं, पण आवाज निघेना. तो आजवर चोरलेल्या आवाजांनीच बोलत आला होता. आता तो मुका म्हातारा गड उतरून गेला. वकीलही रातोरात पळाला.

इरावती घरी आली तेव्हा सोमकीर्ती वेशीवर उभा होता. तो बोलला, अडखळत बोलला, आणि पहाटेपर्यंत बोलतच राहिला.

इरावतीने पुष्कळ वर्षे राज्य केलं. एके दिवशी भर दरबारात एक कोष्टीण ओरडली, "राणीसाहेब, तुमचा निवाडा चुकला!"

भालदार धावले. इरावतीने हात वर केला.

"थांबा. तिला बोलू द्या."

कोष्टीण बोलली. राणीने शेवटपर्यंत ऐकलं आणि निवाडा बदलला.