गेनबाने पोपट शिकवला

एका गावात गेनबा नावाचा भोळा गडी राहत होता. सांगाल ते करायचा. भानगड एवढीच, की सांगाल तेच करायचा.

घरात आई, बहीण शेवंती आणि एक पोपट. रविवारी शेवंतीला बघायला पाहुणे येणार होते. आणि पोपट तर आल्यागेल्याला म्हणायचा, "निघा आता!"

आई म्हणाली, "गेनबा, हे तिसरं स्थळ. आधीची दोन या पाखराने घालवली. त्याला 'या, बसा' म्हणायला शिकव बाबा."

गेनबा पोपटवाल्या तात्यांकडे गेला. तात्या म्हणाले, "मारायचं नाही, रागवायचं नाही. बरं बोलला की लगेच तोंडात मिरची."

गेनबा घरी आला. ओसरीवर भटजी पत्रिका बघत होते. म्हणाले, "वा! छत्तीसपैकी तीस गुण जुळतात!"

किती बरं बोलले! गेनबाने लगेच त्यांच्या तोंडात मिरची घातली.

भटजी विहिरीकडे पळाले. आई म्हणाली, "अरे खुळ्या, मिरची पाखराला! माणसाला माणसाचं खाणं द्यावं."

"बरं," गेनबा म्हणाला.

दुसऱ्या दिवशी तात्या म्हणाले, "किंचाळला तर पाठ फिरव. लक्ष दिलंस की सवय लागते."

संध्याकाळी आई परसातून ओरडली, "गेनबा, धाव! वासरू सुटलंय, सगळं दूध पितंय!"

गेनबाने पाठ फिरवली. आई आणखी ओरडली. गेनबा भिंतीला नाक लावून उभा राहिला. वासरू पोट टम्म होईपर्यंत प्यालं.

"अरे, घरचं माणूस ओरडलं तर धावायचं असतं!"

"बरं."

तिसऱ्या दिवशी तात्या म्हणाले, "खाऊ आधी नुसता दाखव. शब्द निघाला की दे. आणि धडा झाला की वरून कापड टाक. अंधारात धडा मुरतो."

शनिवारी पोपट चक्क "या, बसा" म्हणाला. आईने गेनबाच्या गालांवरून हात फिरवून बोटं मोडली.

रविवारी पाहुणे आले. पोपट म्हणाला, "या, बसा." पाहुणे खूश होऊन बसले. शेवंती पोहे देऊन आत गेली. मुलगा लाजाळू. मान खाली, तोंडातून ब्र नाही.

गेनबाने त्याच्या हातातली बशी काढून घेतली. पोह्यांचा चमचा त्याच्या नाकासमोर धरला.

"म्हणा, मुलगी पसंत आहे."

मुलाचे वडील हसायला लागले. मुलगा हळूच म्हणाला, "पसंत आहे."

गेनबाने लगेच चमचा त्याच्या तोंडात घातला. शेवंती लाजून परसात पळाली. तोंड गोड करायला घरात साखर नव्हती, म्हणून आई आनंदाने शेजारी धावली.

धडा तर झाला होता. गेनबाने खुंटीवरची घोंगडी काढली, मुलाच्या डोक्यावरून टाकली आणि खालून गच्च गाठ मारली.

मुलगा आतून ओरडला. वडील ओरडले, "अहो, सोडा त्याला! ठसका लागलाय!"

गेनबाने विचार केला. लग्न अजून व्हायचंय. म्हणजे हे काही घरचे नव्हेत. तो पाठ फिरवून भिंतीकडे बघत उभा राहिला.

थोड्या वेळाने सगळं शांत झालं. आई साखरेची वाटी घेऊन आली. बघते तर ओसरी रिकामी.

"गेनबा! पाहुणे कुठे गेले रे?"

गेनबा भिंतीकडे बघतच म्हणाला, "हळू बोल, आई. आत्ता कुठे त्यांची ओरडायची सवय मोडलीय!"