सम्राटाची कॉफी

शिडाच्या जहाजांच्या काळात युरोपात ओडोमार नावाचा एक सम्राट होता. त्याच्या फौजेनं एकामागून एक राजधान्या घेतल्या. हाती लागेना ते फक्त सेल्डा नावाचं इवलंसं बेट. उलट सेल्डाचीच जहाजं त्याच्या नाकावर टिच्चून त्याची सगळी बंदरं अडवून उभी होती.

सम्राटानं बेटाचा वकील योरिस याला मेजवानीला बोलावलं. जेवण झालं, रिवाजाप्रमाणे कॉफी आली. सम्राट म्हणाला, "जहाजं माझ्या स्वाधीन करा, नाहीतर तीन लाख फौज पाठवतो. माझ्या फौजेला जमणार नाही असं काम जगात नाही!"

दरबाऱ्यांनी माना डोलावल्या. योरिसनं एक घोट घेतला आणि पेला खाली ठेवला.

"महाराज, हे भाजलेले जव आहेत."

दरबाऱ्यांनी घाईघाईनं आपापले पेले खाली ठेवले. बंदरं अडल्यापासून सगळे जवाचं पाणीच पीत होते, आणि सम्राट त्याला कॉफी म्हणतो म्हणून वाहवाही करत होते.

"कॉफी समुद्रापलीकडून येते," योरिस म्हणाला. "तुमच्या तीन लाखांना खऱ्या कॉफीची एक किटली आणायला सांगा. त्यांनी आणली, तर आमची सगळी जहाजं तुमची."

सम्राटानं सेनापतीकडे पाहिलं. सेनापतीनं खिडकीबाहेर पाहिलं. बंदराच्या तोंडाशी सेल्डाची शिडं ताठ उभी होती.

"तुमच्या अटी सांगा," सम्राट पुटपुटला.

"सांगतो की! पण त्यासाठी बेटावर चला, महाराज. आमच्याकडे कोळणीसुद्धा सकाळी खरी कॉफी पितात."