शास्त्रीबुवांचा बारावा घात

“साळवाडीची शाळा उद्यापासून बंद! तिथे माझे घोडे बांधा!” राजा गजेंद्रपाळाने फर्मान सोडलं. ही अक्कल दरबारचे गणिती वाचस्पतिशास्त्री यांची. साळ्यांची, म्हणजे विणकरांची, पोरं गणित शिकतात, याचाच त्यांना पोटशूळ उठला होता.

साळ्याची लेक येसू तडक दरबारात येऊन उभी राहिली. “महाराज, घोड्यांना पाढे येतात का?”

राजा भडकला, शास्त्रीबुवा मात्र कुत्सितपणे हसले. “एवढी मिजास? मग माझं एक गणित सोडव. सुटलं तर शाळा तुमची! महाराजांनी मनात एक संख्या धरली आहे. ती मला ठाऊक आहे, तुला सांगणार नाही. तिचा पाचवा घात कर, म्हणजे ती पाच वेळा मांडून गुणाकार कर. त्याला तिच्याच सातव्या घाताने गुण. हा झाला अंश. छेदात तिच्या तिसऱ्या घाताचा चौथा घात! भागाकार किती? मी आणि माझे बारा शिष्य तीन दिवस राबलो, तेव्हा कुठे उत्तर हाती लागलं!”

“तीन दिवस? तेवढ्यात आम्ही लुगडं विणून घडी घालतो!”

“संख्याच माहीत नाही, तू काय डोंबल सांगणार?”

“संख्या हवी कुणाला? वर आधी पाच वेळा, मग सात वेळा, मिळून बारा वेळा तीच संख्या. खाली तीन-तीनचे चार गट, म्हणजे तीही बाराच वेळा. वरची एक, खालची एक, अशा जोड्या उडवत चला. बाराच्या बारा उडाल्या. उत्तर एक!”

राजाला खरं वाटेना. त्याने चिटणिसाला दोन धरून करून पाहायला सांगितलं. वर आले चार हजार शहाण्णव. खालीही चार हजार शहाण्णव!

“शास्त्रीबुवा, तुमचं किती आलं?” राजाने विचारलं.

शास्त्रीबुवांनी कागदाची गुंडाळी पाठीमागे लपवली. राजाने ती हिसकावली. चार हात लांब आकडेमोड, आणि तळाशी उत्तर: सव्वासात!

“तेरा डोकी, तीन दिवस, आणि एकाचे सव्वासात!” येसू म्हणाली. “डोकी होती की नुसत्या पगड्या?”

शास्त्रीबुवा लालबुंद झाले. “पण... पण महाराजांनी मनात शून्य धरलं असतं तर?”

“तर छेदात शून्य आलं असतं. शून्याने भागायला सांगणाऱ्याला आमचे पंतोजी बाकावर नव्हे, दाराबाहेर बसवतात!”

राजाच्या ओठांचे कोपरे हलू लागले. “काय गं येसू, शास्त्रीबुवांचा हा कितवा घात झाला?”

“बारावाच, महाराज! आधीचे अकरा लोकांनी तुमचा मान राखून झाकले असतील!”

राजा सिंहासनावर गडाबडा लोळून हसला. डोळे पुसत त्याने फर्मान फाडलं, साळवाडीच्या शाळेला दहा बिघे जमीन दिली, आणि दरबारी गणितीची पगडी शास्त्रीबुवांच्या डोक्यावरून उचलून येसूच्या हाती ठेवली.