न आखलेली वाट

एका राज्यात मणिभद्र नावाचा राजा होता. कुणाला शिकारीचे वेड असते, कुणाला सोंगट्यांचे. याला वेड होते दोरीचे. कमरेला रेशमी दोरीचे भेंडोळे आणि शेल्यात चांदीच्या खुंट्या घेऊन तो नगरभर फिरे. मोकळी जागा दिसली की खुंटी ठोके, दोरी ताणे, एक डोळा मिटून बघे आणि म्हणे, "इथून रस्ता. तिथे कारंजे. झाडे या ओळीत." प्रधान लगेच म्हणे, "धन्य महाराज!" प्रधानाला त्याचाच पगार होता. राजाने नगरातला ओढा दगडी पाटात घालून सरळ केला, झाडे कातरून लाडवासारखी गोल केली, आणि वाड्याच्या सातव्या मजल्यावर उभे राहून हे सगळे डोळे भरून पाहिले. उंटावरून शेळ्या हाकणारे पुष्कळ असतात, हा सातव्या मजल्यावरून हाकत होता.

पण राजा दुष्ट नव्हता, हे आधीच सांगून ठेवतो. नगरावर त्याची माया होती. राणी उत्पलेवर तर इतकी होती की, नवी बाग आखली की तो पहिल्यांदा तिला दाखवी आणि ती हसली का, हे चोरून बघे.

त्या नगरात बाजारपेठ आणि नदी यांच्या मधोमध एक माळ होता. काटेरी झुडपे, चार बाभळी, चरणाऱ्या शेळ्या आणि नदीवर पाण्याला जाणाऱ्या बायका, एवढाच त्याचा थाट. राजाच्या मनात आले, इथे अशी बाग करावी की स्वर्गातल्या माळ्याने रजा काढून बघायला यावे! त्याने दोरी ताणली. तोच समोर ऋजुदंड नावाचा मायावी उभा राहिला. ताडासारखा उंच आणि काठीसारखा ताठ. त्याच्या अंगात कुठेही बाक नव्हता. दमला तरी तो उभाच राही, कारण बसणे त्याला येत नसे.

"राजा, तू रेषा आख. बाग मी उगवतो," मायावी म्हणाला.

"मोबदला काय?"

"रेषेवर जे असेल ते तुझे. रेषा सोडून जे पाऊल पडेल, ते माझे."

राजाला हसू आले. आपण आखलेली रेषा सोडून कोण जाईल? त्याने मायाव्याच्या हातावर पाणी सोडले आणि वचन दिले.

आणि मग काय विचारता! नगाऱ्यावर टिपरी पडून तिचा नाद विरतो न विरतो तोच माळावर हिरवळ धावत सुटली. मेंदीच्या कुंपणांनी चौकोन धरले. अशोक, बकुळ, कांचन भराभर वर आले आणि एका ओळीत उभे राहिले. कारंज्याने पाणी आभाळात फेकले. नगरातली माणसे गच्चीवर चढून ओरडू लागली, पोरे टाळ्या पिटू लागली. राजाने बागेच्या वेशींवर शिपाई उभे केले. आखल्या वाटेने चाला, गवतावर पाय देऊ नका, असा हुकूम निघाला. पाणी भरणाऱ्या बायका मुकाट्याने चारी कोपऱ्यांना वळसा घालू लागल्या आणि घरी पोचेपर्यंत त्यांच्या घागरी निम्म्या सांडू लागल्या. सातव्या मजल्यावरून सांडलेले पाणी दिसत नाही.

बाग राणीला दाखवण्याचा दिवस उजाडला. सकाळच्या कोवळ्या उन्हात राजा कारंज्यापाशी उभा होता आणि राणी पूर्वेच्या कमानीतून आत येत होती. इतक्यात कारंज्याच्या तुषारांत इंद्रधनुष्य पडले. राजा लहान मुलासारखा ओरडला, "राणी, धावत ये! आत्ता विरेल!"

आखलेली वाट चार कोपरे फिरून येत होती. मध्ये फक्त गवत होते. एवढ्या हौसेने हाक मारल्यावर चार कोपरे कोण फिरतो? राणी हसली, तिने निऱ्या सावरल्या आणि गवतावर पाऊल ठेवले.

धरणी कडाडली. राणीचे पाऊल जिथे पडले तिथेच रुतले. राजा तिच्याकडे झेपावला, तर गवत चटईसारखे मागे सरकले आणि त्याला पुन्हा कारंज्यापाशी आणून टाकले. तो उठला, धावला. पुन्हा तेच झाले. राणी ऐकू येत होती, दिसत होती, पण हाती लागत नव्हती. तिच्या पायांच्या बोटांना बारीक पालवी फुटली.

"पाऊल माझे. पाऊल जिचे, तीही माझी," ऋजुदंड प्रकट होऊन म्हणाला. "सूर्य मावळला की ती या बागेतले एक झुडूप होईल. मग तिलाही छान कातरू."

राजाने त्याचे ताठ पाय धरले. "उःशाप सांग!"

उःशाप विचारला तर मायाव्याला खरे सांगावेच लागते. ऋजुदंड नाखुशीने बोलला, "ही बाग तीन खुंट्यांवर ताणलेली आहे. पहिली पाण्याखाली, दुसरी झाडाच्या पोटात. तिसरी हाताने उपटत नाही. या बागेत कुणीही न आखलेली वाट पडेल, तेव्हा ती आपोआप निघेल. पण राजा, तुला विचारल्याशिवाय या राज्यात पाऊल टाकतो कोण?" आणि तो गडगडाटी हसत दिसेनासा झाला.

राजा मटकन खाली बसला. तेवढ्यात डोक्यावरच्या गोल कातरलेल्या बकुळीतून आवाज आला, "टुक! महाराज, रडायला वेळ नाही. उठा."

तो एक तांबट पक्षी होता, मुठीएवढा, कपाळावर लाल टिळा लावलेला. पक्षी बोलतो याचे राजाला नवल वाटले नाही. राणी झुडूप होत असताना नवल वाटायला जागाच उरत नाही.

"तू मला मदत का करतोस?" राजाने विचारले.

"आम्ही वाळक्या फांदीत ढोली कोरून घर करतो. तुमच्या बागेत वाळकी फांदी कुणी राहू देत नाही. माझी बायको नगराबाहेर राहते. आता कळले? चला ओढ्यावर."

दगडी पाटात ओढा नाकासमोर धावत होता. तळाशी एक म्हातारी मगर पोटाखाली चांदीची खुंटी दाबून पडली होती.

"खुंटी दे," राजा म्हणाला.

"वळण दे," मगर म्हणाली. "पूर्वी हा ओढा जांभळीखाली वळायचा. तिथे डोह होता. तिथे माझी झोप व्हायची. इथे पाणी मला दिवसभर ढकलत असते."

शिपायांना हाक मारायला राजाने तोंड उघडले, पण मगरीने मान हलवली. ज्याने बांधले, त्यानेच सोडावे. मग राजाने मुकुट काठावर ठेवला, पहार उचलली आणि पाटाचे दगड फोडू लागला. हाताला फोड आले, जरीचा अंगरखा फाटला. शेवटचा दगड ढासळला आणि ओढ्याने अशी उडी घेतली म्हणता! फेसाळत, खिदळत, कुणी दाखवायच्या आत तो जांभळीखाली वळला. मगर डोहात शिरली आणि घोरू लागली. पहिली खुंटी पाण्याबरोबर घरंगळत राजाच्या पायाशी आली.

बागेत राणीच्या गुडघ्यापर्यंत पाने आली होती. "महाराज," ती म्हणाली, "मला भीती वाटते."

"मलाही," राजा म्हणाला. असे तो जन्मात पहिल्यांदाच म्हणाला होता.

तांबटाने त्याला बागेतल्या सर्वांत मोठ्या कांचनाकडे नेले. त्याच्याभोवती एक लोखंडी कात्री आपली आपण उडत होती. कुठे कोंब डोकावला की खचकन कापत होती. "एक फांदी पुरी वाढू द्या," तांबट म्हणाला. "वाढेल, फुलेल, वाळेल. तेवढा वेळ कात्रीला अडवा."

राजा झाडावर चढला आणि एका इवल्या कोंबावर ओणवा झाला. कात्री भणाणत आली. तिने आधी राजाच्या केसांची बट कापली. मग शेल्याचे टोक. मग, सांगायला जीव होत नाही, राजाची ती नगरभर गाजलेली मिशी! डावी गेली, उजवीही गेली. राजा हलला नाही. त्याच्या छातीखाली कोंब फांदी झाला, जांभळ्या फुलांनी डवरला, झडला आणि पाहता पाहता वाळून कडकडीत झाला. कात्री दमून खाली पडली. तांबट वाळक्या फांदीला बिलगला आणि टुक, टुक, टुक, चोच मारू लागला. भुसा उडाला, ढोली झाली आणि ढोलीतून दुसरी खुंटी खाली पडली. पाठोपाठ तांबटाची बायको येऊन आत बसलीसुद्धा.

आता ऊन कलले होते आणि पालवी राणीच्या कमरेशी आली होती. राजा घाईने गवतापाशी गेला. आपण स्वतःच वाट पाडावी म्हणून एक पाऊल टाकले, दुसरे टाकले. मागे पाहिले तर पावले दोरीवर ठेवल्यासारखी सरळ! दोन खुंट्या निघाल्याने गवताला आता पाऊल धरून ठेवता येत नव्हते, पण ते सळ्ळकन उभे राहिले आणि वाट पुसली गेली. त्याने डोळे बांधून घेतले. तरी पाय सरळच गेले. बिचाऱ्या पायांना दुसरे काही शिकवलेच नव्हते.

"वेशी उघडा!" राजा ओरडला. "सगळ्यांना आत सोडा!"

नगर आत लोटले. पाणी भरणाऱ्या बायका, शेळ्या घेतलेले धनगर, बुरूड, कासार, पोरेटोरे. आणि सगळी गवताच्या काठाशी येऊन थबकली. ओळीने. राजाने त्यांना वळणच तसे लावले होते. सर्वांत पुढे भिवरा नावाची पाणी भरणारी बाई होती, कमरेवर घागर घेतलेली, आवाजाने खणखणीत.

"महाराज, कुटून जायाचं?" तिने विचारले.

राजाचे बोट आपोआप वर आले. आता त्याला फक्त राणीच्या दिशेने ते वळवायचे होते. सगळे नगर त्या रेषेने धावले असते. पण ती रेषा त्याचीच झाली असती! पालवी राणीच्या छातीवर चढत होती. राजाने आपले बोट दातांखाली धरले.

"तुझे काम काय?" त्याने कसेबसे विचारले.

"नदीचं पानी आनायचं."

"मग आण."

"अवं, पन कुटून?"

आपण इथे उभे राहिलो, तर ही माणसे आपल्या डोळ्यांकडेच बघत राहणार, हे राजाने ओळखले. राणीला एकदा डोळे भरून पाहिले, आणि त्याने बागेकडे पाठ फिरवली. मातीत मांडी घातली. डोळे मिटले, कान मात्र मिटता येईनात. तिचा शेवटचा श्वास आपल्या पाठीमागे जाईल आणि आपल्याला दिसणारही नाही, हे त्याला कळत होते.

मग भिवरेचा आवाज आला, "चला गं बायांनो. ह्यो काय सांगत न्हाई. अंधार पडंल."

एक पाऊल गवतावर पडले. सळ्ळ, गवत उठले. दुसरे, दहावे. सळ्ळ, सळ्ळ. मग शेळ्यांचे खूर, पोरांचे धावणे, कुणाचे हसणे, कुणाचे "अगं, हितून जवळ पडतंय." गवत उठत होते, पण पावलागणिक उशिराने, थकून. पावले त्याच्या मागून नदीकडे निघून गेली. सरळ निघून गेली की काय? एक शब्द, फक्त एक शब्द! पण त्याने ओठ आवळून धरले.

पावले परत येऊ लागली, भरल्या घागरींची जड पावले. आणि मध्येच ती थांबली.

"अगं बया, राणीसायबांचे व्हट बघा किती वाळल्यात," भिवरा म्हणत होती. "सकाळपासनं उबी हाय लेकरू उनात. कुनी घोटभर पानी न्हाई दिलं?" तिची पावले वाट सोडून वळली. "वंजळ करा, बाई. प्या."

पाणी पडल्याचा आवाज आला. मग दुसरी वळली. तिसरी वळली. कुणी कुणाला सांगितले नव्हते. एकेक घागर त्याच जागी बाक घेऊन जात होती आणि गवताचा आवाज आता येतच नव्हता.

मिटल्या पापण्यांआडचा तांबूस उजेड विझला. सूर्य मावळला. राजाने श्वास रोखला.

त्याच्या खांद्यावर एक ओला, गार हात पडला.

"महाराज," राणी उत्पला म्हणाली, "इंद्रधनुष्य राहिलेच बघायचे. आणि मिशी कुठे गेली?"

राजा हसला, रडला, दोन्ही एकदमच केले आणि सगळ्या नगरादेखत केले! तिसरी खुंटी मातीतून वर येऊन आडवी पडली होती. बाजारपेठेपासून नदीपर्यंत मातकट, वाकडी वाट पडली होती आणि मध्यावर ती खुशाल राणीच्या जागेकडे वळली होती. त्याच क्षणी, राणीला कातरायला आलेल्या ऋजुदंडाच्या पाठीला कमरेत पहिला बाक आला. तो जन्मात पहिल्यांदा खाली बसला, हुश्श म्हणाला आणि त्यानेही पाणी मागितले. भिवरेने दिले. मग तो जो निघून गेला, तो पुन्हा राजे शोधत फिरला नाही.

तेव्हापासून त्या राज्याची रीत अशी: नवी बाग करायची तर आधी वर्षभर वेशी उघड्या ठेवायच्या, माणसे कुठून जातात ते बघायचे, आणि त्यांची पावले पडली तिथेच फरसबंदी करायची. मोठ्या बागेतल्या वाटेचा तो मधला बाक काढावा, म्हणजे नदी जवळ पडेल, असे प्रधानाने एकदा सुचवून पाहिले. त्या उन्हाळ्यात राजाने बाकाशी पाणपोई घातली आणि प्रधानाला रांजण भरायला बसवले. राणी पाणी देते, राजा भांडी विसळतो आणि येणारी-जाणारी माणसे त्याला कसलीच वाट विचारत नाहीत.

सांगणाऱ्याचा घसा सुकला, ऐकणाऱ्याच्या डोक्यावर सावली असो. आणि ज्याला जिथून जवळ पडेल, त्याने तिथून घरी जावे.