राखेचे वाटेकरी

पूर्वी वेत्रपुरात सुयाम राजाचे राज्य असताना बोधिसत्त्व राजभट्टीवर चुना भाजणारा कारागीर होऊन जन्मला होता. नगराच्या तलावात पाणी ठरत नसे. माघ सरताच तळ कोरडा पडे आणि बायका हंडे घेऊन दूरच्या नदीकडे निघत. पाण्यात टिकणारा चुना शोधावा म्हणून राजाने दर घराला लाकडाची एक मोळी लावून दिली. लाकूड देणाऱ्याने भट्टीतली राख न्यायची, अशी रीत होती. वर्षानुवर्षे भट्ट्या फसत गेल्या; लोक मोळी टाकून मुकाट्याने राख नेत राहिले.

धाकटा भाऊ भद्रक बोधिसत्त्वाबरोबर राबे. एकदा त्याने फुटक्या विटांची भुकटी चुन्यात कालवली आणि गोळा पाण्याच्या रांजणात सोडला. काही दिवसांनी हात घालून पाहतो तर गोळ्याचा दगड झालेला. त्याने हातोडी मारली, हातोडीच उसळली. पाण्यात विरघळायचे ते पाण्यातच घट्ट झाले होते.

ही वार्ता कालक नावाच्या व्यापाऱ्याला लागली. तो भट्टीवर येऊन म्हणाला, "हे मिश्रण कुणाला सांगू नका. मी एकटा विकीन. निम्मा नफा तुम्हा भावांचा."

भद्रक मोहात पडला. "दादा, हात आपले पोळले. लोकांनी काय केले? मोडकी खाट आणून टाकली."

"हो, आणि स्वतः जमिनीवर निजले," बोधिसत्त्व म्हणाला.

कालक हसला. "मग नेऊ द्या की त्यांना हवी तेवढी राख."

"श्रेष्ठी, भट्टी फसली तेव्हा राख सगळ्यांची. आता साधली, तर चुना तुमचा एकट्याचा?"

बोधिसत्त्व भावाकडे वळला. "शोध तुझ्या हातून लागला. उद्या तलावावर लोकांना बोलावतो. काय सांगायचे ते तू ठरव."

दुसऱ्या दिवशी भद्रक काठावर उभा राहिला. समोर सारे नगर होते. मग त्याने चुना किती, भुकटी किती, कालवायचे कसे, ते मोठ्याने सांगितले.

"आजवर राख नेली बाबा," एक म्हातारी म्हणाली, "आज नुसते शब्द न्यायचे. ओझे तरी कमी झाले."

लोकांनी तो चुना कालवून स्वतःच्या हाताने तलावाच्या तळावर चोपला. पुढच्या वैशाखात तलाव काठोकाठ भरलेला होता. हंडे बुडवायचे विसरून बायका त्या पाण्याकडे बघत उभ्या होत्या, आणि त्यांच्यात भद्रकही.

एवढी कथा सांगून शास्ते भगवान म्हणाले, "भिक्षूंनो, तेव्हाचा कालक तो देवदत्त, भद्रक तो आनंद, आणि चुना भाजणारा मीच होतो." सर्वांच्या झळीतून लाभलेली विद्या सर्वांच्या हाती देणे, ही दानपारमिता, म्हणजे दानाची परिपूर्णता.